त्याचं कोर्ट कुठलं?

ग्लासगोच्या हाय स्ट्रीटवर मी एक कॉलेज शोधत होते आणि मिळालं ते रेल्वे स्टेशन. पाऊस म्हणावा असा पाऊस नव्हता, पण स्वेटर ओलं होत चाललं होतं. लेक म्हणाली, "आई, इथे काही नाहीये. मी तीन वर्षं या रस्त्यानं जाते-येते." तिचं खरं होतं. ज्या इमारतीत फ्रान्सिस हचिसन आणि पुढे त्याचा विद्यार्थी अ‍ॅडम स्मिथ नीतिशास्त्र शिकवत, ती विद्यापीठानं एकोणिसाव्या शतकात रेल्वे कंपनीला विकली. १८७० मध्ये विद्यापीठानं आपलं बिऱ्हाड शहराच्या पश्चिमेला गिलमोरहिलच्या टेकडीवर हलवलं आणि जुन्या चौकांच्या जागी रेल्वेचा मालधक्का आला. युरोपातल्या किती विचारवंतांच्या वर्गखोल्यांचा असा मालधक्का झाला असेल कोण जाणे. मला मात्र तिथे उभं राहून चमत्कारिक वाटलं, कारण त्या खोल्यांतलं मी सत्तावीस वर्षं पुण्यातल्या एका वर्गात विकत आले होते.

विधिशास्त्र हा माझा विषय. पहिल्या सत्रात 'नैसर्गिक कायदा' हा धडा यायचा आणि दरवर्षी शब्दापाशीच अडायला व्हायचं. निसर्गनियम म्हटलं की पोरांना सफरचंद आठवतं, न्यूटन आठवतो. नैसर्गिक न्याय म्हटलं की 'दुसरी बाजू ऐकून घ्या' हे कोर्टातलं तत्त्व आठवतं. मधला अर्थ, म्हणजे राजानं केला नाही, विधिमंडळानं मंजूर केला नाही, तरी माणूस म्हणून प्रत्येकाला बांधणारा कायदा, तो गळ्याखाली उतरवायला दोन तास लागत. मग मी डच ग्रोशियसपासून सुरुवात करायचे. १६२५ मध्ये त्यानं लिहून ठेवलं की देव नाहीच असं घटकाभर धरून चाललो, तरी हा कायदा काही प्रमाणात टिकेल. मग जर्मन पुफेनडॉर्फ, मग लॉक. घंटा व्हायची.

एका वर्षी शेवटच्या बाकावरून जतचा एक मुलगा उठला. "मॅडम, हा कायदा मोडला तर दाद मागायची कुठे? त्याचं कोर्ट कुठलं?" वर्ग हसला. मीही हसून वेळ मारून नेली. निवृत्त झाल्यावर लेकीकडे आले तेव्हा बॅगेत चकल्या होत्या, मेतकूट होतं आणि तो प्रश्नही होता.

गिलमोरहिलवर एक दगडी जिना आहे. दोन्ही कठड्यांवर एकीकडे सिंह, दुसरीकडे एकशिंगी घोडा. १६९० चा हा जिना जुन्या कॉलेजातून उखडून इथे आणून बसवला. पायऱ्या मधोमध झिजल्यात. चौदाव्या वर्षी, १७३७ मध्ये, इथे दाखल झालेला स्मिथ या पायऱ्या चढला असणार, या विचारानं मी उगाच दोनदा वरखाली केलं. लेक लांब उभी राहून फोनमध्ये बघत होती, आपण या बाईबरोबर नाही असं दाखवत.

स्मिथच्या आधीचा हचिसन, आणि त्याच्याही आधीचा गर्शम कारमायकल. कारमायकलचं नाव आता ग्लासगोतही फारसं कुणी घेत नाही. त्यानं केलं ते असं: पुफेनडॉर्फचं माणसाच्या आणि नागरिकाच्या कर्तव्यांवरचं लॅटिन पाठ्यपुस्तक घेतलं आणि १७१८ मध्ये आपल्या टिपांसकट छापलं. टीपकार म्हणजे मूळ लेखकाच्या ताटातलं वाढून देणारा, असा आपला समज असतो. हा गडी टिपांमधून भांडतो. पुफेनडॉर्फनं मालक आणि दास यांच्या नात्याला आपल्या व्यवस्थेत जागा दिली होती. कारमायकलचं म्हणणं, माणूस ही मालकीची वस्तूच होऊ शकत नाही, मग बाकीचा हिशेब कशाला? लॅटिनमधल्या एका टिपेत ही गोष्ट बसली होती आणि ग्लासगोची पोरं ती घोकत होती.

हचिसन १७३० मध्ये आयर्लंडहून आला आणि त्यानं लॅटिन सोडून इंग्रजीत शिकवायला घेतलं. आपल्याकडे मातृभाषेतून शिक्षणाचे वाद पाहिलेल्या माणसाला याचं मोल सांगायला नको. माणसाला जसे डोळे असतात, कान असतात, तशी चांगलं-वाईट ओळखणारी एक आतली जाणीवही असते, हा त्याचा सिद्धांत. दुसऱ्याचं सुख वाढवणं हे नीतीचं माप. १७३८ मध्ये स्थानिक धर्ममंडळानं त्याच्यावर आक्षेप घेतला. एक मुद्दा असा, की देवाचं ज्ञान नसतानाही बरं-वाईट कळू शकतं असं हा शिकवतो. आरोप खोटा नव्हता! ते तो शिकवतच होता. विद्यार्थी त्याच्या बाजूनं उभे राहिले आणि नोकरी वाचली.

दुपारी लेकीनं मला मर्चंट सिटीत नेलं. बुकॅनन स्ट्रीट, ग्लासफर्ड स्ट्रीट, इन्ग्रॅम स्ट्रीट, ही सगळी तंबाखूच्या व्यापाऱ्यांची नावं. व्हर्जिनिया स्ट्रीट आणि जमैका स्ट्रीट ही तंबाखू आणि साखर जिथून यायची त्या ठिकाणांची. तंबाखू आणि साखर कोण पिकवत होतं, हे पाटीवर नसतं. आधुनिक कलेचं संग्रहालय आहे ती हवेली विल्यम कनिंगहॅम या तंबाखूशेठनं १७७८ मध्ये बांधली. हे साल लक्षात ठेवलं, ते पुढे कामाला येणार होतं. हवेलीपुढे घोड्यावर ड्यूक ऑफ वेलिंग्टन आहे आणि त्याच्या डोक्यावर रस्त्यावरचा नारिंगी प्लास्टिकचा शंकू. नगरपालिका काढते, लोक रात्री पुन्हा चढवतात. १८०३ मध्ये असईला शिंदे-भोसल्यांच्या फौजेला हरवणारा वेलस्ली तो हाच. मी त्याचा शंकूसकट फोटो काढला आणि भावाला पाठवला. त्याचं उत्तर आलं, "झालं ते बरंच झालं."

विद्यापीठाचं एका बाबतीत कौतुक करायला हवं. गुलामीविरोधी विचार आपल्याकडे शिकवला गेला एवढंच मिरवत न बसता त्यानं स्वतःची वही उघडली. २०१८ च्या अहवालात त्यानं कबूल केलं की देणग्यांतून गुलामीच्या पैशाचा आपल्याला भरपूर लाभ झाला. आजच्या किमतीत तो १ कोटी ६७ लाख ते १९ कोटी ८० लाख पौंडांच्या दरम्यान धरला गेला. म्हणजे वर्गात कारमायकलची टीप आणि तिजोरीत जमैकाची साखर. हे ढोंग होतं असं मला वाटत नाही. ढोंगाला निदान दोन्ही गोष्टी एकत्र दिसाव्या लागतात.

दुसऱ्या दिवशी एडिंबराला निघालो. क्वीन स्ट्रीटहून गाडीनं तास लागत नाही. डब्यात समोर एक आजी लोकर विणत होत्या, खिडकीबाहेर सगळं सपाट हिरवं. या पट्ट्यातल्या जमिनीखाली कोळसा होता. आणि तो काढणारे मजूर? १६०६ च्या एका कायद्यानं ते खाणीला बांधलेले होते, परवानगीशिवाय सोडून गेले तर पकडून परत आणायचे. १७७५ चा कायदा अर्धवट निघाला, पूर्ण सुटका झाली ती १७९९ मध्ये. हचिसन सुखाचं गणित मांडत होता, ह्यूम 'आहे' आणि 'असावं' यांत फरक करत होता, स्मिथ सहानुभूतीवर लिहीत होता, त्या साऱ्या काळात शेगडीतला कोळसा अशा माणसांनी काढलेला होता. स्मिथला हे ठाऊक होतं, तो वर्गात त्याबद्दल बोलायचा.

एडिंबराच्या रॉयल माइलवर डेव्हिड ह्यूम बसलाय. अंगावर ग्रीक तत्त्वज्ञासारखं वस्त्र, मांडीवर जाड पाटी, आणि उजव्या पायाचा अंगठा सोन्यासारखा चकचकीत. बाकी पुतळा हिरवट काळा. नशीब उजळावं म्हणून येणारा-जाणारा अंगठा चोळतो, परीक्षेआधी विद्यार्थीही चोळतात. चमत्कारांवर विश्वास ठेवायला पुरावा कसा पुरत नाही हे ज्यानं पानंच्या पानं सांगितलं, त्याच्या पायाला ही गर्दी. आपल्याला पाया पडण्याची सवय, माझा हात आपसूक पुढे गेला आणि मध्येच थांबला.

थांबण्याचं कारण वेगळं होतं. राष्ट्रांच्या स्वभावांवरच्या निबंधात ह्यूमनं १७५३ च्या सुमारास एक तळटीप घातली. गोऱ्यांखेरीज बाकीचे मानववंश मुळातच कमी प्रतीचे असावेत, अशी शंका तीत आहे. जमैकातल्या एका विद्वान काळ्या माणसाचा तीत पोपट करून ठेवलाय. त्या काळी सगळेच असं मानत, हे समर्थन चालत नाही, कारण १७७० मध्ये अ‍ॅबर्डीनच्या जेम्स बीटीनं छापील पुस्तकात या टिपेचा समाचार घेतला होता. बीटी तत्त्वज्ञ म्हणून ह्यूमच्या पासंगालाही पुरत नाही. पण इथे तो बरोबर होता. २०२० मध्ये एडिंबरा विद्यापीठानं आपल्या उंच इमारतीवरचं ह्यूमचं नाव काढलं, आता ती '४० जॉर्ज स्क्वेअर' आहे. गंमत अशी की जिवंतपणी १७४५ मध्ये याच शहरानं त्याला नीतिशास्त्राची खुर्ची नाकारली होती, नास्तिक म्हणून. पुढे ग्लासगोनंही तर्कशास्त्राची नाकारली. न्याय ही निसर्गानं दिलेली गोष्ट नाही, माणसांनी गरजेपोटी घडवलेली आहे, असं तो म्हणायचा. माझ्या धड्याच्या मुळावरच घाव. मी दरवर्षी त्याला अर्ध्या तासात गुंडाळायचे. बरोबर केलं नाही.

अंगठा न चोळताच निघाले.

सेंट जाइल्सच्या मागच्या चौकात जुनं पार्लमेंट हाउस आहे. १७०७ मध्ये स्कॉटलंडचं पार्लमेंट लंडनमध्ये विलीन झालं आणि ही वास्तू न्यायालयाची झाली. आत जायला पैसे पडत नाहीत, फक्त पिशवी तपासतात. माझ्या पर्समधली स्टीलची डबी सुरक्षारक्षकानं उघडली, वास घेतला आणि विचारलं, हे काय? मी म्हटलं, बडीशेप. त्यानं एक दाणा तोंडात टाकला आणि सोडलं.

दालन भलं मोठं. वर काळ्या लाकडी तुळयांचं छत, सतराव्या शतकातलं. आणि त्याखाली वकील फेऱ्या मारतात. खरोखर, दोघं-दोघं जोडीनं, दालनाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे, हळू आवाजात बोलत, पुन्हा मागे. चालत बोललं की शेजारच्याला ऐकू जात नाही, म्हणून पडलेली ही रीत. कोट, गाऊन, हातात फायलींचा गठ्ठा. मी बाकावर बसून अर्धा तास नुसती बघत राहिले. शिवाजीनगरच्या कोर्टाच्या आवारात हेच बोलणं चहाच्या टपरीशी चालतं आणि सगळ्यांना ऐकू जातं.

जतच्या त्या मुलाचं कोर्ट हेच. या वास्तूत १७७४ ते १७७८ एक दावा चालला.

जोसेफ नाइट आफ्रिकेतून गुलामांच्या जहाजावरून जमैकाला आलेला पोरगा. तिथे त्याला जॉन वेडरबर्ननं विकत घेतलं. हा वेडरबर्न कोण? १७४६ मध्ये कलोडनच्या लढाईत राजाविरुद्ध लढलेल्या बापाचा मुलगा. बापाला देशद्रोहाबद्दल फाशी झाली, पोरगा परागंदा होऊन जमैकाला गेला आणि उसावर गबर झाला. १७६९ मध्ये तो नाइटला घेऊन मायदेशी परतला आणि पर्थजवळ बॅलिंडीनला राहिला. नाइट घरगडी. घरातल्याच अ‍ॅनी थॉमसन या मोलकरणीशी त्यानं लग्न केलं. १७७२ मध्ये लंडनच्या कोर्टानं जेम्स सॉमरसेट या गुलामाला जबरदस्तीनं देशाबाहेर नेता येणार नाही असा निर्णय दिला होता. ते नाइटच्या वाचनात आलं, वर्तमानपत्रात. त्यानं बॅग भरली.

मला या सगळ्यात थांबावंसं वाटतं ते इथेच. ज्याला ग्रोशियस ठाऊक नाही, पुफेनडॉर्फ ठाऊक नाही, असा एक माणूस स्वयंपाकघरात की अंगणात बसून जुनं वर्तमानपत्र वाचतो आणि ठरवतो की आता निघायचं. वेडरबर्ननं त्याला पकडून आणवलं. पर्थच्या स्थानिक न्यायाधीशांनी मालकाच्या बाजूनं कौल दिला. नाइट वर गेला. शेरीफ जॉन स्विंटननं १७७४ मध्ये सांगितलं, या राज्याचा कायदा गुलामी ओळखत नाही. आता वेडरबर्न वर आला, या दालनाच्या कोर्टात. त्याचं म्हणणं बदललं होतं: गुलाम म्हणू नका हवं तर, पण आयुष्यभराची चाकरी ही माझी आहे. वकिलांच्या कागदांचे ढीग पडले. नाइटच्या बाजूनं अ‍ॅलन मकोनकी होता, जॉन मॅक्लॉरिन होता, सरकारी वकिलांतला सर्वोच्च हेन्री डंडास होता. इंग्लंडमध्ये कोशकार डॉ. जॉन्सननं आपला चरित्रकार बॉस्वेल याला याच बाजूचा युक्तिवाद सांगून लिहून घ्यायला लावला. १५ जानेवारी १७७८ ला निकाल लागला, आठ विरुद्ध चार. जमैकाच्या कायद्यानं मिळालेला हा अधिकार अन्याय्य आहे, तो या देशात कोणत्याही प्रमाणात चालणार नाही.

ग्लासगोत त्याच वर्षी कनिंगहॅमची हवेली उभी राहत होती.

निकालाचा आवाका मोठा नव्हता. स्कॉटलंडच्या जमिनीवर पाय ठेवलेल्यांनाच तो लागू. जमैकातली दोनेक लाख माणसं जिथे होती तिथेच राहिली, १८३३ चा कायदा येईपर्यंत, आणि तेव्हाही २ कोटी पौंडांची भरपाई मिळाली ती मालकांना. निकालानंतर जोसेफ नाइट कागदपत्रांतून दिसेनासा होतो. अ‍ॅनी आणि तो कुठे गेले, कशावर जगले, या दालनाला त्याच्याशी कर्तव्य नव्हतं.

मकोनकीला मात्र पुढल्याच वर्षी, १७७९ मध्ये, एडिंबरा विद्यापीठात निसर्गाच्या आणि राष्ट्रांच्या कायद्याची खुर्ची मिळाली. १७०७ ची ही खुर्ची, अनेकदा केवळ पगारापुरती. आणि याच गावात वैद्यक शिकलेला जेम्स मॅकिंटॉश १७९९ मध्ये लंडनला याच विषयावर व्याख्यानं देऊन गाजला आणि १८०४ मध्ये मुंबईला रेकॉर्डर, म्हणजे तिथल्या कोर्टाचा न्यायाधीश, म्हणून आला. त्याच वर्षी परळला त्यानं जी लिटररी सोसायटी सुरू केली, तिचीच पुढे आपली एशियाटिक झाली. एशियाटिकच्या त्या पांढऱ्या पायऱ्यांवर मी विद्यार्थिदशेत शेंगा खाल्ल्यात. निरोपाच्या भाषणात त्यानं अभिमानानं सांगितलं होतं की आपल्या सात वर्षांत या कोर्टानं कुणाला फासावर चढवलं नाही. त्या काळात ही काही लहान गोष्ट नाही.

डंडासचा पुतळा सेंट अँड्रयू स्क्वेअरमध्ये उंच खांबावर आहे. नाइटचा वकील तोच, आणि १७९२ मध्ये गुलामांचा व्यापार बंद करण्याच्या ठरावात 'हळूहळू' हा शब्द घुसवणारा तोच. त्यानं व्यापार लांबवला की तडजोडीनं वाचवता येईल तेवढं वाचवलं, यावर इथे अजून भांडणं चालतात. मान वर करून बघितलं, मान दुखली, पुढे गेले.

संध्याकाळी जुन्या कॅल्टन कब्रस्तानात पोचलो. वॉटर्लू प्लेसच्या रस्त्यावरून पायऱ्या चढल्या की आत. ह्यूमचं थडगं म्हणजे रॉबर्ट अ‍ॅडमनं बांधलेला गोल दगडी बुरूज. नाव आणि जन्म-मृत्यूची सालं (१७११, १७७६), एवढंच कोरा, असं त्यानं मृत्युपत्रात म्हटलं होतं.

शेजारी उंच दगडी सुळका आहे, १८४४ चा. राजकीय हुतात्म्यांचा. त्यातला पहिला थॉमस मुइर, ग्लासगोचा वकील, स्मिथचा शिष्य जॉन मिलर याचा विद्यार्थी. १७९३ मध्ये राजद्रोहाबद्दल त्याला चौदा वर्षं ऑस्ट्रेलियात धाडण्याची शिक्षा झाली. त्याच्यावरच्या आरोपांत थॉमस पेनचं 'राइट्स ऑफ मॅन' लोकांत वाटणं हाही होता.

तिथे मला पुणं आठवलं. आठवण काढावी लागली नाही. पेनचं तेच पुस्तक १८४७ च्या सुमारास जोतीराव फुल्यांच्या हाती पडलं होतं, आणि ते इंग्रजी शिकले ते पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत. मुइरला ज्यासाठी जहाजावर चढवलं ते पुस्तक स्कॉटलंडहून शाळा काढायला आलेल्या पाद्र्यांच्या विद्यार्थ्यानं वाचलं, आणि पाद्र्यांना अपेक्षित नव्हतं असं काही त्यातून काढलं. १८७३ मध्ये 'गुलामगिरी' छापलं तेव्हा अर्पणपत्रिका अमेरिकेतल्या लोकांच्या नावे, त्यांनी काळ्या गुलामांना मुक्त केलं म्हणून.

सुळक्यापासून चार पावलांवर, ह्यूमच्या बुरुजाला जवळजवळ चिकटून, अब्राहम लिंकन उभा आहे. ब्राँझचा, हात मागे. १८९३ मध्ये उभारला, अमेरिकेच्या यादवीत लढलेल्या स्कॉटिश सैनिकांच्या स्मृतीसाठी. सैनिकांची नावं चौथऱ्यावर आहेत. लिंकनच्या पायाशी एक सुटलेला गुलाम आहे, अर्धवट बसलेला, एक हात वर, नजर वर, कृतज्ञ.

मला ती नजर आवडली नाही. नाइट असा वर बघत बसला नव्हता. त्यानं वर्तमानपत्राची घडी घातली आणि कोर्टाची पायरी चढला, चार वर्षं. लेकीला म्हटलं, याला उठवून बसवायला हवा होता. ती म्हणाली, "आई, अंधार होतोय, पायऱ्या ओल्या आहेत, माझा हात धर." मी तिच्या हाताला धरून त्या ब्राँझच्या माणसाला वळसा घालून मागे गेले. पुढून नीट दिसलं नव्हतं. त्याच्याजवळ एक पुस्तक आहे.